पाकिटावरचं नाव

मी, केवळबाई बद्रीनाथ हिवराळे, वय वर्षे ७२, धंदा येसर व मसाले करून विकणे, राहणार गारखेडा, छत्रपती संभाजीनगर (पूर्वीचे औरंगाबाद), आज रोजी माझ्या मिळकतीची व्यवस्था राजीखुशीने लिहून ठेवते, ती अशी.

माझी बुद्धी ठिकाणावर आहे. डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. दाखला नसता तरी गल्लीत कुणालाही विचारावं. माझी जीभ ज्यांना ज्यांना लागली आहे ते सगळे माझ्या बुद्धीची साक्ष देतील. साखर आहे, गुडघे गेलेत, डाव्या डोळ्याचं ऑपरेशन झालंय. नाक मात्र शाबूत आहे. धने दोन मिनिटं जास्त भाजले गेले तर मला गेटातून कळतं. हे लिहिताना माझ्यावर कुणाचा दबाव नाही. माझ्या मुलानं आणून पाहिला, ते पुढं येईलच.

हे मृत्युपत्र टाईप करते आहे ती अ‍ॅडव्होकेट आफरीन. आमच्या निजामुद्दीनभाईंची नात. निजामुद्दीनभाईंची कांडप गिरणी आहे आणि माझं सगळं धान्य पहिल्या दिवसापासून तिथंच दळलं जातं. आफरीन आत्ताच म्हणाली, "नानी, ये सब नक्को. कुणाला काय द्यायचं तेवढंच लिहितात." मी म्हटलं, "का देते ते नाही लिहिलं तर उद्या भांडतील, बाळा. तू लिही." ती लिहिते आहे.

१. माझे पती कालकथित बद्रीनाथ हिवराळे हे सरकारी कचेरीत शिपाई होते. ते २०११ साली गेले. मला दोन लेकरं. थोरला विश्वजीत, वाळूजला कंपनीत नोकरीला आहे आणि सुटीच्या दिवशी माझ्या धंद्याचं दुकानदारांशी बोलणं तोच बघतो. धाकटी प्रेरणा, माझ्यासोबत भट्टीवर उभी राहते. याशिवाय माझा कुणी वारस नाही. कन्नडकडच्या गावातून चुलतभाऊ म्हणवणारे दोघं येतील, त्यांना चहा पाजून वाटेला लावावं.

२. गारखेड्याचं घर माझ्या नावावर आहे. खालचा मजला प्रेरणाला, वरचा विश्वजीतला. जिना दोघांचा. जिन्यात चपला कुणी ठेवायच्या यावरून सुनेनं आणि लेकीनं जी कटकट चालवली आहे ती माझ्यासोबत संपवावी.

३. बँकेत जे असेल ते दोघांना सारखं. सोन्याची पोत नात संस्कृतीला.

४. माझ्या मायचं मुसळ. बाभळीचं आहे, खाली लोखंडी कडं बसवलेलं. हे प्रेरणाला, आणि प्रेरणानं ते कधीही माळ्यावर टाकू नये. कारण सांगते.

माझी माय गावात मोठ्या घरच्या लग्नांचं कांडप करायची. हळद, मिरची, धने, येसर, सगळं. पंधरा पंधरा दिवस ती त्यांच्या मागच्या अंगणात कांडत बसायची. विटाळ नव्हता का? नव्हता. कोरड्याला विटाळ नसतो, असा त्यांचा कायदा. आमच्या हातचं कोरडं चालायचं, त्याला पाण्याचा थेंब लागला की नाही चालायचं. आमटीला आधण ठेवलं की मायला कुंपणाबाहेर जावं लागायचं. मग संध्याकाळी त्याच आमटीतली वाटीभर, मायच्या भांड्यात, वरून, भांड्याला भांडं न लावता. माय मला सांगायची, "केवळे, पाणी पडेस्तोर आपलं हाय. पाणी पडलं की त्यांचं." मी सात-आठ वर्षांची असेन. मला वाटायचं हा स्वयंपाकाचाच काही नेम असेल.

गाव सोडताना माय गेलेली होती. भावांनी भांडी घेतली. मी मुसळ घेतलं आणि एसटीच्या कंडक्टरशी त्याच्या तिकिटावरून भांडत शहरात आले.

५. आता पाकीट. ज्याला मृत्युपत्र लवकर वाचून संपवायचं आहे त्यानं इथं थांबू नये, पण माझी लेकरं थांबतील.

येसर, म्हणजे आमटीचं तयार पीठ, विकायला काढलं ते १९९६ साली. मायच्याच मापानं: बाजरी, गहू, हरभऱ्याची डाळ, धने, प्रत्येकाला वेगळं भाजायचं, मग काळा मसाला घालून दळायचं. पुड्या बांधल्या. विश्वजीतकडून त्याच्या चांगल्या अक्षरात चिठ्ठ्या लिहून घेतल्या, "केवळबाई हिवराळे यांचे घरगुती येसर". त्याला बोटाला धरून बाजारातल्या एका मोठ्या दुकानात गेले. दुकानदारानं पुडी उघडली, चिमूटभर तळहातावर घेऊन चाटली. "बाई, झकास!" म्हणाला. मग चिठ्ठी वाचली. आडनाव वाचलं. पुडी बंद करून काउंटरवरून माझ्याकडं सरकवली. "ठेवून काय करू? गिऱ्हाईक विचारतं ना, कुणाच्या हातचं म्हणून." चाटलेलं मात्र थुंकलं नाही त्यानं. त्या दुकानदाराला माझ्याकडून काहीही नाही.

आमच्या शेजारच्या घरात भानुमती सेलूकर राहतात. त्यांचे यजमान श्रीनिवासराव कचेरीत हेडक्लार्क होते. भानुताईंना मी भिंतीवरून हे सगळं सांगितलं आणि रडले. त्या म्हणाल्या, "अगं, मग माझं नाव लाव. नाहीतरी माझ्या नावाचं कुणी काही करत नाही." मी लावलं. आठ दिवसांनी त्याच दुकानात गेले. "भानुमती सेलूकर यांचे घरगुती येसर". दुकानदारानं पुडी उघडलीसुद्धा नाही, सगळा माल ठेवून घेतला. पुढं पाकिटं छापली तेव्हा भानुताईंचा नऊवारीतला फोटोही आला.

खोटं कशाला बोलू, मीच हो म्हणाले. मला कुणी फसवलं नाही. भानुताईंनी एक रुपया कधी घेतला नाही, दिला तर भिंतीवर ठेवून द्यायच्या. पण हेही लिही आफरीन, की नऊ वर्षं त्यांनी माझं येसर कोरडं नेलं, आपल्या घरी शिजवून खाल्लं, आणि माझ्या घरचं पाणी घेतलं नाही. मला ते कळत होतं. त्यांना कळत होतं की मला कळतं. तरी दोघी रोज भिंतीवरून बोलत होतो.

२००५ साली श्रीनिवासराव गेले. त्यांच्यात दुखवट्याच्या घरी चूल पेटत नाही, शेजाऱ्यापाजाऱ्यांनी करून न्यायचं. त्या दिवशी गल्लीतला प्रत्येक जण दुसरा कुणी नेईल म्हणून बसला. दुपारचे दोन वाजले. मी येसरची आमटी आणि भात घेऊन गेले आणि पायरीवर ठेवून मागं फिरले, सवयीनं. आतून भानुताई म्हणाल्या, "केवळ, आत ये. वाढ." दोन वाट्या आमटी प्यायल्या आणि म्हणाल्या, "माझी अशी का होत नाही गं?" मी म्हटलं, "तुम्ही येसर तसंच फोडणीत टाकता. आधी पाण्यात कालवायचं असतं." नवरा जाऊन सहा तास झालेली बाई हसली हो. त्या दिवसापासून आमच्या दोन घरांत ओलं-कोरडं राहिलं नाही. पाकीट मात्र तसंच राहिलं.

६. गेल्या दिवाळीआधी एका संस्थेनं यशस्वी महिला उद्योजिकांचा सत्कार ठेवला. त्यांनी पाकिटावरच्या नंबरावर फोन केला, तो विश्वजीतचा. भानुमतीबाई हव्यात म्हणाले. विश्वजीतनं त्यांना खरं सांगितलं नाही आणि मला विचारलं नाही. भानुताईंना म्हणाला, "काकू, पाच मिनिटांचं काम आहे. धंद्याचा प्रश्न आहे, नाही म्हणू नका." त्या माझ्याकडं बघत होत्या. मी म्हटलं, जा. मला वाटलं मला काही वाटणार नाही.

मी नवी इरकल नेसून तिसऱ्या रांगेत बसले. सूत्रसंचालन करणारी पोरगी म्हणाली, "पिढ्यान्पिढ्या जपलेली सोवळ्यातली चव!" मला आधी हसूच आलं. सोवळ्यातली! माझी माय कुंपणाबाहेर उभी राहून मेली आणि तिचं माप सोवळ्यात गेलं! मग त्या पोरीनं भानुताईंपुढं माईक धरला, "आजी, आम्हाला गुपित सांगा ना." सगळा हॉल वाट बघतोय. शेवटी त्या म्हणाल्या, "पीठ... पीठ खमंग भाजायचं."

अगं बाई! येसराचं पीठ कुणी भाजतं का? धान्य भाजतात. पीठ भाजलं की करपतं आणि कडू होतं, लहान पोरीला कळतं हे. पण हॉलमधल्या चारशे माणसांनी टाळ्या वाजवल्या. पुढच्या बाईनं मोबाईलमध्ये टिपून घेतलं. माझ्या शेजारची म्हणाली, "शेवटी हाताचा गुण असतो बघा." माझा हात माझ्या मांडीवर होता. मला इतका राग आला की डोळ्यापुढं दिसेना. भानुताईंचा नाही, विश्वजीतचा तर नंतर आला. पहिला माझा स्वतःचा आला. मायला त्यांनी कुंपणाबाहेर काढलं होतं. मी शहरात येऊन माझ्या पायांनी बाहेर गेले आणि वर पाकीट छापून दिलं.

तिसऱ्या दिवशी भानुताईंनी ते सन्मानचिन्ह आणून भिंतीवर ठेवलं. "तुझ्याकडं बघायची हिंमत झाली नाही गं," म्हणाल्या. मी म्हटलं, "पीठ भाजायचं कोण म्हणालं तुम्हाला?" त्या हसल्या आणि मग रडायला लागल्या, मीपण रडले. ते सन्मानचिन्ह धन्याच्या पोत्यावर वजन म्हणून ठेवलं आहे, उंदरं येत नाहीत. ते तिथंच राहू द्यावं.

७. येसराचा धंदा, अन्न परवाना, भट्टी, तिन्ही कढया, चाळण्या आणि मायचं माप हे सर्व प्रेरणाला देते. अट एकच. पाकिटावर "केवळबाई हिवराळे यांचे घरगुती येसर" असं छापावं. पूर्ण आडनावासकट. भानुताईंचं नाव जेवढ्या अक्षरात होतं तेवढ्याच अक्षरात, एक सूतही कमी नाही. "के. बी. मसाले" वगैरे शहाणपणा करू नये.

विश्वजीतला ही अट मान्य नाही. तो म्हणतो, "आई, नाव बदललं की दुकानं माल परत पाठवतील. नावानं काय पोट भरतं का?" मी म्हटलं, "भरतं रे. भानुताईंच्या नावानं एकोणतीस वर्षं भरलंच की. म्हणून तर विचारते, माझ्या नावानं का भरू नये?" तो म्हणाला, "तो दुकानदार मी विसरलो नाही. चिठ्ठी माझ्या अक्षरात होती." त्याचं दुखणं मला माहीत आहे. पण ज्यानं पुडी सरकवली त्याच्या भीतीनं आपणच आपली पुडी सरकवत राहायची, हे मला मान्य नाही. या शहराचं नाव बदललं, कागदोपत्री, बोर्डावर, एसटीवर. कुणाची इम्रती खपायची राहिली का? तर मग.

आणि नाही खपलं तर नाही खपू द्या. घरी खा.

विश्वजीतला नाव हवं आहे, तर नाव त्याला देते. माळ्यावर भानुताईंच्या नावाची रिकामी छापील पाकिटं दोन पोती भरून आहेत. ती विश्वजीतला. त्यात एक चिमूटही येसर भरायची परवानगी नाही. मात्र ज्या दिवशी तो स्वतः माझ्या नावाचं पाकीट घेऊन एका दुकानात जाईल, दुकानदारापुढं आडनाव मोठ्यानं वाचून दाखवेल आणि माल ठेवून येईल, त्या दिवसापासून धंद्यात अर्धा हिस्सा त्याचा. प्रेरणाला हे मंजूर आहे. ती म्हणाली, दादाचं अक्षर चांगलं आहे, पहिली चिठ्ठी त्याच्याकडूनच लिहून घेऊ.

८. समोरच्या घरातले आप्पासाहेब. मी नुसतं भाजून देते, बाकी सगळं भानुताई करतात असं समजून बावीस वर्षं दर महिन्याला पाकीट नेतात आणि माझ्याच दारात उभं राहून मला सांगतात, "बामनाच्या हाताची चवच येगळी, बाई." मी म्हणते, "व्हय जी, लई येगळी." बावीस वर्षांत माझ्या घरी पाणी प्यायले नाहीत. आत्ताच चहा झाला, नाहीतर उपास. सोमवार, गुरुवार, शनिवार, एकादशी, चतुर्थी. एवढे उपास करणारा माणूस एवढा जाडजूड कसा, हे मला कधी कळलं नाही. आप्पासाहेबांना माझा पितळी तांब्या आणि फुलपात्र देते. भरून द्यावं. रिकामं देऊ नये.

९. माझा जलदान विधी साधा करावा. भन्तेजींना बोलवावं, वंदना घ्यावी, लांबलचक भाषणं करू देऊ नयेत. त्यानंतर अंगणात पंगत. येसरची आमटी, बाजरीची भाकरी, भात. माझ्याच घरच्या पाण्यात, माझ्याच कढईत. गल्लीतल्या सगळ्यांना एका रांगेत बसवावं. "आम्ही जेवून आलो" म्हणणाऱ्याला हात जोडून गेट दाखवावं. "उपास आहे" म्हणणाऱ्यासाठी भगर करून ठेवावी, तीपण त्याच पाण्यात. भगरीचा खर्च माझ्या खात्यातून.

१०. इथपर्यंत लिहून झालं आणि आफरीननं टाईप करायचं थांबवलं. म्हणाली, "नानी, एक पूछूं? नाव बदलायची अट मेल्यावरच का?"

मी म्हटलं, दुकानं तुटतील, तीन बाया आपल्याकडं कामाला आहेत, विश्वजीतला त्रास होईल. हे सगळं खरंच आहे. भट्टीवरून प्रेरणा ओरडली, हातात उलथनं तसंच, "आई, तू मेल्यावर पाकिटावर तुझं नाव म्हणजे फोटोला हारच की! तुला काय त्याचं?"

कोंबडं झाकलं म्हणून तांबडं फुटायचं राहत नाही, असं मी दुसऱ्यांना किती वेळा सुनावलं असेल. आणि स्वतःच टोपली धरून बसले होते.

म्हणून कलम सातमधली अट मी जिवंत असतानाच, येत्या एक जानेवारीपासून लागू करते. आफरीन म्हणते, मृत्युपत्रात जिवंतपणीचं कलम बसत नाही. बसव म्हटलं. नसेल बसत तर पहिल्या दुकानात मीच जाते. तेच दुकान अजून आहे. आता त्या दुकानदाराचा पोरगा बसतो. बापानं चाटलं होतं, पोरानंही चाटून बघावं.

११. भानुताईंना मला माझी इरकल आणि मायच्या मापाच्या येसराचा डबा द्यायचा होता. आफरीन म्हणते, साक्षीदाराला मृत्युपत्रात काही न ठेवलेलं बरं. भानुताईंना दोन्हीपैकी एक निवडायला सांगितलं. त्या म्हणाल्या, "मला सही करू दे." म्हणून त्यांना काही देत नाही.

हे माझं पहिलं मृत्युपत्र आणि हेच शेवटचं. मला ते अक्षर न् अक्षर वाचून दाखवलं, मी स्वतःही चष्मा लावून वाचलं. कुणाला पटलं नाही तर कोर्ट उघडं आहे. जाताना भाकरी बांधून घ्या, तारखा लई पडतात.

ठिकाण: छत्रपती संभाजीनगर
दिनांक: १२ डिसेंबर २०२५

लिहून देणार:
सही/- केवळबाई बद्रीनाथ हिवराळे
(अंगठा नाही. सही आहे. आडनावासकट.)

साक्षीदार क्र. १:
शेख निजामुद्दीन, वय ७५, धंदा कांडप गिरणी. बाईंनी माझ्यासमोर सही केली. एकोणतीस साल यांचंच धान्य दळलं, ते भाजलेलं यांच्याच घरून आलं. कुणी विचारलं नाही म्हणून बोललो नाही. आज विचारलं, म्हणून लिहितो.
सही/- शेख निजामुद्दीन

साक्षीदार क्र. २ (स्वतःच्या हस्ताक्षरात):
मी, भानुमती श्रीनिवास सेलूकर, वय ८०, लिहून देते की केवळबाईंनी माझ्यासमोर शुद्धीवर असताना सही केली. आफरीन म्हणाली, काकू, एवढंच पुरे. मला पुरे नाही. एकोणतीस वर्षं पाकिटावर माझं नाव आणि माझा फोटो होता. आतलं येसर केवळचं होतं. मी ते एकदाही केलेलं नाही. मला ते येत नाही. सत्काराच्या दिवशी मी भर सभेत पीठ भाजायला सांगितलं. ज्यांनी भाजलं असेल त्यांचं येसर कडू झालं असेल, त्यांची मी माफी मागते. धान्य भाजतात, पीठ नाही. हे सगळं नव्या पाकिटाच्या मागच्या बाजूला छापावं आणि त्याखाली माझं नाव घालावं. तेवढ्याच कामासाठी माझं नाव वापरायला माझी परवानगी आहे.
सही/- भानुमती श्रीनिवास सेलूकर